भावनिक व वर्तनविषयक अडचणी असलेल्या मुलासाठी अमेरिकेतील शाळेत स्पेशल एज्युकेशनची पात्रता: मराठी पालकांसाठी मार्गदर्शन

अमेरिकेत राहणाऱ्या मराठी कुटुंबातील मुलाला चिंताविकार किंवा नैराश्य असल्याचे निदान बालमानसोपचारतज्ज्ञाने केले, की पालक ते पत्र शाळेच्या कार्यालयात देतात आणि आता स्पेशल एज्युकेशनच्या, म्हणजे मुलाच्या गरजेनुसार खास आखलेल्या शिक्षणाच्या, सेवा आपोआप सुरू होतील अशी अपेक्षा धरतात. पुष्कळदा काही आठवड्यांनी ‘मूल पात्र नाही’ असे उत्तर येते. शाळा डॉक्टरांना खोटे ठरवत असते, असा याचा अर्थ नाही. निदान आणि पात्रता या दोन वेगळ्या बाबी आहेत. निदान डॉक्टर करतात, तर पात्रता शाळेतील एक गट ठरवतो; पालक हे कायद्याने त्या गटाचे सदस्य असतात, आणि मुलाची ही अवस्था किती काळापासून आहे, किती तीव्र आहे आणि तिचा शाळेतील जीवनावर कोणता परिणाम होतो आहे, हे त्या गटाला तपासायचे असते. त्यामुळे या तीन गोष्टींचा लेखी पुरावा उभा करणे हे पालकांचे मुख्य काम ठरते.

कायद्याची चौकट

अमेरिकी काँग्रेसने १९७५ साली अपंग मुलांच्या शिक्षणाचा जो कायदा केला, त्याला १९९० पासून इंडिव्हिज्युअल्स विथ डिसअ‍ॅबिलिटीज एज्युकेशन अ‍ॅक्ट किंवा थोडक्यात ‘आयडिया’ म्हणतात. या कायद्याने ३ ते २१ या वयोगटातील पात्र मुलांना मोफत आणि त्यांच्या गरजेला अनुरूप असे सार्वजनिक शिक्षण मिळण्याचा हक्क दिला असून वयाच्या वरच्या मर्यादेत राज्याराज्यांत थोडा फरक आढळतो. एच-१बी किंवा एच-४ व्हिसावर आलेल्या कुटुंबांना हा हक्क आपल्याला लागू होतो की नाही अशी शंका असते. या कायद्यात पालकांच्या व्हिसाची अट नाही, आणि इमिग्रेशनच्या कारणावरून मुलाला सार्वजनिक शाळेचे शिक्षण नाकारता येत नाही असा निर्णय अमेरिकी सर्वोच्च न्यायालयाने १९८२ मध्ये प्लायलर विरुद्ध डो या खटल्यात दिलेला आहे.

कायद्यात अपंगत्वाचे १३ प्रकार आहेत आणि त्यांपैकी भावनिक व वर्तनविषयक अडचणींसाठीच्या प्रकाराला फेडरल नियमांत ‘इमोशनल डिस्टर्बन्स’ म्हटले आहे. राज्ये याला वेगवेगळी नावे देतात: न्यू जर्सीत ‘इमोशनल रेग्युलेशन इम्पेअरमेंट’, मेरीलँडमध्ये ‘इमोशनल डिसअ‍ॅबिलिटी’, मिनेसोटात ‘इमोशनल ऑर बिहेव्हिअरल डिसऑर्डर्स’. अर्ज करण्यापूर्वी आपल्या राज्याच्या शिक्षण विभागाच्या संकेतस्थळावरून राज्याची व्याख्या छापून घ्यावी, कारण बैठकीत त्या व्याख्येच्या प्रत्येक शब्दावर चर्चा होते.

फेडरल व्याख्येत पाच लक्षणे दिली आहेत. बौद्धिक, ज्ञानेंद्रियांच्या किंवा आरोग्याच्या कारणाने ज्याचा उलगडा होत नाही अशी शिकण्यातील असमर्थता. सोबतच्या मुलांशी व शिक्षकांशी समाधानकारक नाते जोडता किंवा टिकवता न येणे. सर्वसामान्य परिस्थितीतही अनुचित वाटेल असे वर्तन किंवा अशा भावना. सतत व्यापून राहिलेली उदासी किंवा नैराश्य. आणि वैयक्तिक अथवा शाळेतील अडचणींमुळे शारीरिक तक्रारी किंवा भीती निर्माण होण्याची प्रवृत्ती. यांपैकी एक लक्षण असले तरी पुरेसे असते, परंतु ते दीर्घ काळापासून आणि ठळक प्रमाणात असले पाहिजे व त्याचा शैक्षणिक कामगिरीवर प्रतिकूल परिणाम झालेला असला पाहिजे. स्किझोफ्रेनियाचा या प्रकारात स्पष्ट समावेश आहे. याखेरीज मुलाला खास आखलेल्या अध्यापनाची गरज आहे, हेही सिद्ध व्हावे लागते. लक्षणे मान्य करूनही केवळ या गरजेच्या मुद्द्यावर अर्ज नाकारला जाऊ शकतो, ही बाब अनेक पालकांना पहिल्यांदा बैठकीतच कळते.

दीर्घ काळ म्हणजे नेमके किती महिने, हे व्याख्येत सांगितलेले नाही, आणि म्हणूनच तारखांना फार महत्त्व येते. ‘बऱ्याच दिवसांपासून असे चालले आहे’ या वाक्याने काहीच सिद्ध होत नाही. मागच्या ऑक्टोबरपासून दर आठवड्याला शाळेत जाण्यास नकार, डिसेंबरमध्ये दोनदा वर्गातून पळून जाणे, फेब्रुवारीत जेवणाच्या सुट्टीत एकटे बसणे, अशी तारीखवार नोंद असली की त्या दोन शब्दांना वजन प्राप्त होते.

चांगले गुण मिळवणारे शांत मूल

आपल्याकडील मुलांच्या बाबतीत सर्वांत जास्त गल्लत इथे होते, असे माझे मत आहे. जे मूल बाक फेकते त्याच्याकडे शाळेचे लक्ष जातेच. जे मूल गप्प असते, गृहपाठ वेळेवर देते आणि ‘ए’ श्रेणी मिळवते, त्याची वेदना कोणाच्या नजरेला पडत नाही. शाळा म्हणते, गुण उत्तम आहेत, मग शैक्षणिक परिणाम कुठे आहे? याचे उत्तर नियमांतच आहे: मूल नापास झालेले नसले आणि दरवर्षी वरच्या इयत्तेत जात असले, तरी त्याला सेवांची गरज असेल तर त्या उपलब्ध असल्या पाहिजेत, असे फेडरल नियम स्पष्टपणे सांगतात. शैक्षणिक कामगिरी म्हणजे केवळ गुणपत्रिका नव्हे; वर्गात बोलणे, गटात काम करणे, शाळेत हजर राहणे, परीक्षेच्या वेळी खोलीत बसू शकणे या सर्वांचा तिच्याशी संबंध आहे.

अशा मुलासाठी पुरावा शाळेच्याच कपाटांत असतो. पोटदुखी किंवा डोकेदुखीची तक्रार घेऊन मूल नर्सच्या खोलीत किती वेळा गेले, याची नोंद नर्सकडे असते आणि ती पाचव्या लक्षणाशी थेट जोडता येते. उशिरा येण्याच्या व गैरहजेरीच्या नोंदी, काउन्सेलरकडील भेटी, शिक्षकांचे ई-मेल, शिस्तभंगाच्या चिठ्ठ्या, हे सारे फर्पा या १९७४ च्या कायद्यानुसार पालकांना पाहता येते आणि त्यासाठी लेखी मागणी करावी. शाळेने फोन करून ‘आज त्याला लवकर घेऊन जा’ असे सांगितले असेल, तर त्याच दिवशी ‘आपण दुपारी अमुक वाजता मुलाला घरी नेण्यास सांगितले’ असा एक छोटा ई-मेल शाळेला पाठवावा. हे प्रकार निलंबन म्हणून नोंदले जात नाहीत आणि नंतर घडलेच नाहीत असे वाटू लागते.

शाळेबाहेरचे साक्षीदारही उपयोगी पडतात. शनिवार-रविवारी भरणाऱ्या मराठी शाळेतील शिक्षकांचे एका परिच्छेदाचे टिपण, किंवा सहा महिने राहून गेलेल्या आजी-आजोबांनी जे पाहिले त्याची पालकांनी केलेली नोंद, ही लक्षणे एका शिक्षकापुरती किंवा एका वर्गापुरती मर्यादित नाहीत हे दाखवते. मूल नुकतेच पुण्याहून किंवा नाशिकहून आले असेल, तर तिथल्या शाळेतील शेरे आणि समुपदेशकाचे कागद इंग्रजी भाषांतरासह द्यावेत. या मुलांच्या बाबतीत शाळा आणखी एक मुद्दा मांडू शकते: इंग्रजीचे अपुरे ज्ञान हे अडचणीचे निर्णायक कारण असेल तर मुलाला पात्र ठरवता येत नाही. तेव्हा मूल मराठीत, घरच्या माणसांत आणि ओळखीच्या वातावरणातही तसेच वागते का, याचा पुरावा सर्वांत उपयोगी ठरतो.

अर्ज कसा करावा

मूल्यमापनाची मागणी लेखीच करावी. मुख्याध्यापक आणि डिस्ट्रिक्टच्या, म्हणजे त्या भागातील सार्वजनिक शाळांचा कारभार पाहणाऱ्या संस्थेच्या, स्पेशल एज्युकेशन संचालक या दोघांना एकच पत्र तारीख घालून ई-मेलने पाठवावे आणि त्याची प्रत जपून ठेवावी. पत्र एका पानापेक्षा मोठे नसावे. मुलाचे नाव, इयत्ता, आयडिया कायद्याखाली संशयित अपंगत्वाच्या सर्व क्षेत्रांत संपूर्ण वैयक्तिक मूल्यमापनाची विनंती, आणि तारखांसह चार-पाच ठोस घटना एवढेच त्यात असावे. इमोशनल डिस्टर्बन्सचा उल्लेख करावा. लक्ष टिकत नसेल किंवा एडीएचडीची (अवधानाचा अभाव व अतिचंचलता या विकाराची) शंका असेल तर ‘अदर हेल्थ इम्पेअरमेंट’ या प्रकाराचाही करावा, कारण त्या प्रकाराच्या व्याख्येत एडीएचडीचे नाव आहे. डॉक्टरांचे पत्र सोबत जोडावे. गटाने त्याचा विचार करणे अपेक्षित असते, मात्र ते बंधनकारक ठरत नाही. डॉक्टरांना आधीच सांगून त्या पत्रात केवळ निदानाचे नाव न लिहिता शाळेच्या दिवसात हे मूल काय करू शकत नाही ते लिहवून घ्यावे.

शाळा अनेकदा उत्तर देते की आधी वर्गातले काही उपाय करून पाहू आणि मग मूल्यमापनाचे ठरवू. असे उपाय चांगलेच असतात आणि ते नाकारण्याचे कारण नाही. परंतु त्यांच्या नावाखाली मूल्यमापन लांबवता किंवा नाकारता येत नाही, असे अमेरिकी शिक्षण खात्याच्या स्पेशल एज्युकेशन कार्यालयाने जानेवारी २०११ च्या पत्रकात सर्व राज्यांना कळवले आहे. दोन्ही गोष्टी एकाच वेळी चालू द्याव्यात, असे नम्रपणे पण लेखी सांगावे. शाळेला नकार द्यायचाच असेल, तर त्यामागची कारणे आणि आधारभूत माहिती सांगणारी लेखी सूचना पालकांना देणे तिच्यावर बंधनकारक आहे. तोंडी नकार मिळाला तर ती सूचना मागावी. कारणे कागदावर मांडायची वेळ आली की नकार मागे घेतला जाण्याचीही शक्यता असते.

मुदती राज्यागणिक बदलतात. फेडरल नियमानुसार पालकांची संमती मिळाल्यापासून ६० दिवसांत पहिले मूल्यमापन पूर्ण व्हावे लागते, पण राज्याने स्वतःची मुदत घातली असेल तर ती लागू होते. कॅलिफोर्नियात मागणीनंतर साधारण १५ दिवसांत मूल्यमापनाचा आराखडा पालकांच्या हाती यावा लागतो. टेक्ससमध्ये संमतीनंतर शाळेचे ४५ दिवस मोजले जातात. न्यू जर्सीत मागणीनंतर २० दिवसांत बैठक घ्यावी लागते. सुट्ट्या कशा मोजायच्या याचे नियमही निरनिराळे आहेत, म्हणून मे महिन्यात अर्ज करून जूनमध्ये भारतात जाणाऱ्या कुटुंबांनी वेळापत्रक आधीच विचारून घ्यावे.

मूल्यमापनास संमती देणे म्हणजे सेवांना संमती देणे नव्हे. पात्रता ठरल्यानंतर सेवांसाठी वेगळी संमती लागते, ती न देण्याचा पालकांना अधिकार आहे आणि सुरू झालेल्या सेवांची संमती लेखी मागेही घेता येते. ‘एकदा सही केली की मुलावर कायमचा शिक्का बसेल’ या भीतीपोटी मूल्यमापनच टाळणाऱ्या कुटुंबांनी हे ध्यानात घ्यावे. महाविद्यालयांकडे जाणाऱ्या ट्रान्सक्रिप्टवर विद्यार्थ्याच्या अपंगत्वाची माहिती उघड होईल अशी नोंद असू नये, असे शिक्षण खात्याच्या नागरी हक्क कार्यालयाचे मार्गदर्शनही आहे.

मूल्यमापन चालू असताना

एकाच चाचणीवर निर्णय घेण्यास नियमांनी मनाई केली आहे. स्कूल सायकॉलॉजिस्ट सहसा मुलाशी बोलतात, वर्गात आणि मैदानावर निरीक्षण करतात, बौद्धिक व शैक्षणिक चाचण्या घेतात आणि पालक व शिक्षकांकडून ‘बास्क’ किंवा ‘कॉनर्स’ यांसारख्या प्रश्नावल्या भरून घेतात. वर्तनाचा प्रश्न असेल तर ‘फंक्शनल बिहेव्हिअरल असेसमेंट’ची, म्हणजे वर्तन कशामुळे सुरू होते आणि त्यातून मुलाला काय मिळते याच्या अभ्यासाची, मागणी जरूर करावी.

प्रश्नावली भरताना घरचे चित्र जसेच्या तसे मांडणे आपल्याकडील पालकांना जड जाते. घरातले घरात राहावे, परक्यासमोर मुलाची उणीव सांगू नये, ही सवय इतकी खोलवर रुजलेली असते की ‘कधीकधी’ आणि ‘बहुतेक वेळा’ यांतला सौम्य पर्याय हात आपोआप निवडतो. परिणामी शिक्षकांचे गुण चिंताजनक येतात, पालकांचे सर्वसाधारण येतात, आणि अहवालात लिहिले जाते की अडचण सर्व वातावरणांत दिसत नाही. गेल्या काही आठवड्यांतील प्रत्यक्ष घटना आठवून उत्तर द्यावे, चांगल्या दिवसांची सरासरी काढू नये, आणि शक्य असल्यास आईने व वडिलांनी प्रश्नावली स्वतंत्रपणे भरावी. अतिशयोक्तीही करू नये. या प्रश्नावल्यांत विसंगत किंवा टोकाची उत्तरे ओळखण्याची सोय असते.

‘तो मुद्दाम करतो’ हा आक्षेप

व्याख्येत एक अपवाद आहे, आणि वाद बहुधा त्याच्यावरून होतो. जी मुले केवळ ‘सोशली मॅलअ‍ॅडजस्टेड’ आहेत, म्हणजे ज्यांचे वर्तन समाजाच्या नियमांना जुमानत नाही एवढेच, त्यांना हा प्रकार लागू होत नाही. मात्र त्यांच्यात इमोशनल डिस्टर्बन्सही असल्याचे ठरले तर लागू होतो. या शब्दप्रयोगाची व्याख्या फेडरल नियमांत कुठेच नाही. पाच लक्षणांची मूळ मांडणी एली बोवर यांच्या कॅलिफोर्नियातील संशोधनातून आली असून हा अपवाद त्या मांडणीत नव्हता, आणि पुढे स्वतः बोवर यांनीच त्यावर टीका केली.

व्यवहारात गटातील कोणीतरी म्हणतो की हे मूल जाणूनबुजून नियम मोडते, त्याला परिणाम कळतात, म्हणून ते भावनिकदृष्ट्या अस्वस्थ नाही. यावर वाद घालण्याऐवजी पालकांनी तीन प्रश्न विचारावेत: हा निष्कर्ष कोणत्या माहितीवर आधारलेला आहे, त्या माहितीत पाचपैकी एकही लक्षण दिसत नाही का, आणि दोन्ही गोष्टी एकाच वेळी असू शकतात हे अहवालात विचारात घेतले आहे का. उद्धटपणा आणि नैराश्य एकाच मुलात असू शकतात. किशोरवयीन मुलग्यांत तर उदासी पुष्कळदा चिडचिडीच्या रूपातच बाहेर पडते.

बैठक आणि तिच्यानंतर

बैठकीपूर्वी अहवालाची प्रत काही दिवस आधी मागावी. पालकांना इंग्रजीत अडचण असेल तर शाळेने दुभाषा देणे अपेक्षित आहे. मोठ्या भावंडाला हे काम देऊ नये. सोबत मुलाला ओळखणारी व्यक्ती, थेरपिस्ट किंवा अ‍ॅडव्होकेट (पालकांची बाजू मांडणारा जाणकार; तो वकीलच असतो असे नाही) नेता येतो. प्रत्येक राज्यात फेडरल निधीवर चालणारे किमान एक पालक प्रशिक्षण व माहिती केंद्र असते आणि तिथली मदत मोफत मिळते.

इमोशनल डिस्टर्बन्सची पात्रता मिळाली नाही तरी दारे बंद होत नाहीत. एडीएचडीसारख्या कारणाने अदर हेल्थ इम्पेअरमेंटखाली पात्रता मिळू शकते, आणि सेवा कोणत्या द्यायच्या हे प्रकाराच्या नावावरून नव्हे तर मुलाच्या गरजेवरून ठरते. खास अध्यापनाची गरज नसेल, पण परीक्षेला वेगळी खोली किंवा काउन्सेलरकडे जाण्याची मुभा हवी असेल, तर १९७३ च्या रिहॅबिलिटेशन कायद्याच्या कलम ५०४ खालील योजना मागावी. ती मिळवणे तुलनेने सोपे असते, पण तिच्यातील संरक्षण आणि प्रक्रिया आयईपीइतकी, म्हणजे आयडियाखाली पात्र मुलासाठी लेखी आखल्या जाणाऱ्या वैयक्तिक शिक्षण आराखड्याइतकी, भक्कम नाही, हे जाणूनच ती स्वीकारावी.

अहवालच चुकीचा वाटत असेल, तर ‘मी या मूल्यमापनाशी असहमत असून शाळेच्या खर्चाने स्वतंत्र शैक्षणिक मूल्यमापनाची मागणी करतो’ असे लेखी कळवावे. मग डिस्ट्रिक्टला एकतर ते करून द्यावे लागते किंवा आपले मूल्यमापन योग्य असल्याचे सुनावणीत सिद्ध करण्यासाठी अर्ज करावा लागतो. याशिवाय मध्यस्थी, ड्यू प्रोसेस सुनावणी (निःपक्ष अधिकाऱ्यासमोरील औपचारिक सुनावणी) आणि राज्य शिक्षण विभागाकडे तक्रार हे मार्ग आहेत. तक्रार घटनेपासून एका वर्षाच्या आत करावी लागते.

निलंबनाचा धोका असेल तर

वर्तनाच्या अडचणी असलेल्या मुलासाठी शिस्तीच्या कारवाईविरुद्धचे संरक्षण हा पात्रतेचा मोठा लाभ आहे. शाळेच्या १० दिवसांहून अधिक काळ सलग बाहेर ठेवून मुलाची जागा बदलण्याचा निर्णय झाला, तर त्यानंतर शाळेच्या १० दिवसांत बैठक घेऊन ते वर्तन अपंगत्वामुळे घडले का, किंवा आयईपीची अंमलबजावणी न केल्यामुळे घडले का, हे तपासावे लागते. तसे असेल तर मुलाला सहसा पूर्वीच्या जागी परत घ्यावे लागते. शस्त्र, अमली पदार्थ आणि गंभीर शारीरिक इजा यांसाठी अपवाद आहेत.

पात्रता अजून ठरलेली नसली तरी हे संरक्षण मिळू शकते. प्रसंग घडण्यापूर्वी पालकांनी मुलाला स्पेशल एज्युकेशनची गरज असल्याची चिंता शिक्षकांना किंवा प्रशासनाला लेखी कळवली असेल, किंवा मूल्यमापन मागितले असेल, तर शाळेला अपंगत्वाची कल्पना होती असे कायदा मानतो. उलट पालकांनीच मूल्यमापनास नकार दिला असेल तर हा आधार राहत नाही. म्हणून मूल वारंवार मुख्याध्यापकांच्या खोलीत बसू लागले असेल, तर पुढच्या सत्राची वाट न पाहता तो ई-मेल त्याच आठवड्यात पाठवावा.

पात्रता ठरल्यापासून ३० दिवसांत आयईपीची बैठक व्हावी लागते. तिच्यात समुपदेशनाची मिनिटे, वर्तन सुधारणेचा आराखडा, मूल भावनिकदृष्ट्या कोलमडले तर त्याने कोणाकडे जायचे, आणि प्रगती कशी मोजली जाईल, हे आकड्यांसह लिहून घ्यावे. आयईपीचा आढावा दरवर्षी होतो आणि पुनर्मूल्यमापन किमान दर तीन वर्षांनी. मध्येच दुसऱ्या राज्यात नोकरी लागली, तर नव्या शाळेने स्वतःचे मूल्यमापन करेपर्यंत जुन्या आयईपीशी तुल्य सेवा द्याव्या लागतात. त्यासाठी आयईपी आणि मूल्यमापनाचा पूर्ण अहवाल सामानाच्या ट्रकमध्ये न टाकता आपल्या हातातल्या पिशवीत ठेवावा.